सर्ब लोक : इतिहास आणि आजचे जीवन – वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मराठी वाचकाची सर्ब लोकांशी गाठ बहुधा दोनच ठिकाणी पडते : पहिल्या महायुद्धाला निमित्त ठरलेल्या सारायेव्होच्या हत्येच्या धड्यात आणि १९९० च्या दशकातील युद्धांच्या बातम्यांत. या दोन प्रसंगांच्या अलीकडे-पलीकडे या समाजाचे आठशे वर्षांहून अधिक जुने लिखित जीवन आहे आणि ते समजल्याशिवाय हे दोन प्रसंगही नीट उलगडत नाहीत. सर्बांनी सोसलेले आणि त्यांच्या नावाने इतरांना सोसावे लागलेले, हे दोन्ही एकत्र वाचले पाहिजे, या भूमिकेतून पुढील उत्तरे लिहिली आहेत.

सर्ब म्हणजे सर्बियाचे नागरिक, असे समजावे का?

असे समजल्यास बराच घोटाळा होतो. सर्ब हा दक्षिण स्लाव्ह लोकसमूह असून तो सहाव्या-सातव्या शतकांत बाल्कन प्रदेशात स्थिरावला. सर्बिया हे त्यांचे मुख्य राज्य असले तरी बोस्निया-हर्झेगोव्हिना, मॉन्टेनेग्रो, क्रोएशिया आणि कोसोव्हो येथेही त्यांची पिढ्यान्‌पिढ्यांची वस्ती आहे. बोस्नियात ते लोकसंख्येच्या तिसऱ्या हिश्श्याच्या जवळपास असून ‘रिपब्लिका सर्प्स्का’ हा त्या देशाचा स्वायत्त घटक प्रामुख्याने त्यांचा आहे. उलट बाजूने पाहिले, तर सर्बियाचा प्रत्येक नागरिक सर्ब नाही. २०२२ च्या जनगणनेनुसार कोसोव्हो वगळता सर्बियाची लोकसंख्या सुमारे ६६.५ लाख होती आणि तिच्यात सर्बांचे प्रमाण ८० टक्क्यांच्या आसपास होते. उरलेल्यांत उत्तरेकडील वोयवोदिना प्रांतातील हंगेरियन, नैऋत्येकडील सांजाक भागातील मुस्लिम बोस्नियाक आणि देशभर विखुरलेले रोमा हे मोठे गट आहेत. याशिवाय व्हिएन्ना, शिकागो, जर्मनी आणि स्वित्झर्लंड येथे स्थलांतरित सर्बांच्या मोठ्या वस्त्या आहेत.

त्यांची भाषा कोणती, आणि ते दोन लिप्या कशा वापरतात?

सर्बियन ही स्लाव्ह कुळातील भाषा आहे. क्रोएशियन, बोस्नियन आणि मॉन्टेनेग्रिन या भाषांशी तिचे नाते इतके जवळचे आहे की हे सर्व लोक दुभाष्याविना एकमेकांशी सहज बोलतात. त्यांना वेगळी नावे मिळण्यामागे व्याकरणापेक्षा राजकीय इतिहास अधिक आहे. राज्यकारभाराची लिपी सिरिलिक (रशियनच्या लिपीशी नाते असलेली) आहे, पण दुकानांच्या पाट्या, वर्तमानपत्रे आणि मोबाइलवरील संदेश यांत लॅटिन लिपी सर्रास दिसते. शाळेतच दोन्ही शिकवल्या जात असल्यामुळे वाचणाऱ्याला लिपी बदलल्याचे जाणवतही नाही.

आजच्या सर्बियन लेखनाचे श्रेय वूक कराजिच (१७८७–१८६४) यांना जाते. शेतकरी कुटुंबात जन्मलेल्या या स्वयंशिक्षित माणसाने चर्चची जड, पंडिती भाषा बाजूला सारून लोकांच्या तोंडची भाषा प्रमाण मानली, १८१८ मध्ये शब्दकोश प्रसिद्ध केला आणि एका ध्वनीला एकच अक्षर या तत्त्वावर ३० अक्षरांची वर्णमाला घडवली. चर्चच्या धुरिणांनी त्यांना कडवा विरोध केला. त्यांचे लेखन सर्बियात अधिकृतपणे स्वीकारले गेले ते त्यांच्या मृत्यूनंतर, १८६८ मध्ये. गुस्ले या एकतारी वाद्यावर गायली जाणारी वीरकाव्ये त्यांनी गावोगावच्या गायकांकडून उतरवून घेतली. ती जर्मनीत पोहोचली तेव्हा गटे आणि याकोब ग्रिम यांच्यासारखे विद्वान त्यांकडे आकृष्ट झाले. एखाद्या समाजाला स्वतःची ओळख एका माणसाच्या चिकाटीतून मिळाल्याचे इतके स्पष्ट उदाहरण युरोपात क्वचितच आढळते.

मध्ययुगात सर्बांचे राज्य किती मोठे होते?

बाराव्या शतकाच्या उत्तरार्धात स्टेफान नेमान्या याने विखुरलेले प्रदेश एकत्र करून नेमान्यिच घराण्याची सत्ता उभी केली. उतारवयात त्याने राज्यत्याग करून संन्यास घेतला आणि धाकटा मुलगा साव्हा याच्यासह ग्रीसमधील अथोस पर्वतावर ११९८ मध्ये हिलांदार मठाचा जीर्णोद्धार केला. तो मठ आजही सर्ब भिक्षूंचा आहे. १२१७ मध्ये मधल्या मुलाला, स्टेफानला, राजमुकुट मिळाला आणि १२१९ मध्ये साव्हाने सर्बियन चर्चला स्वायत्तता मिळवून दिली. एका भावाने राज्य सांभाळले आणि दुसऱ्याने धर्म. सर्बांच्या मनातील राष्ट्र आणि चर्च यांचे घट्ट नाते इथून सुरू होते.

स्टेफान दुशान याच्या काळात हे राज्य अत्युच्च बिंदूला पोहोचले. १३४६ मध्ये स्कोप्ये येथे त्याने सम्राटपद धारण केले, आजचे मॅसेडोनिया, अल्बानिया आणि ग्रीसचा मोठा भाग ताब्यात घेतला आणि १३४९ मध्ये विधिसंहिता जारी केली, जिच्यात न्यायाधीशाने राजाच्या धाकाने नव्हे तर संहितेनुसार न्याय करावा, असे कलम होते. १३५५ मध्ये तो मरण पावला आणि पाठोपाठ सरदारांनी राज्य वाटून घेतले.

१३८९ ची कोसोव्होची लढाई आजही इतकी महत्त्वाची का मानली जाते?

२८ जून १३८९ रोजी प्रिश्तिनाजवळच्या मैदानावर सर्ब शासक लाझार आणि ऑटोमन (तुर्की) सुलतान मुराद पहिला यांच्या फौजा भिडल्या आणि दोन्ही सेनानायक त्याच दिवशी मारले गेले. लष्करी दृष्टीने निकाल निर्विवाद नव्हता. सर्बियन सत्ता पुढे सत्तर वर्षे कशीबशी तग धरून राहिली आणि १४५९ मध्ये स्मेदेरेव्होचा किल्ला पडल्यावर संपली. परंतु सर्बियाची गमावलेली माणसे पुन्हा भरून निघाली नाहीत आणि ऑटोमन साम्राज्याकडे नव्या फौजा येतच राहिल्या.

लोकस्मृतीने या लढाईला वेगळाच आकार दिला. वीरकाव्यांत लाझारपुढे पृथ्वीवरचे राज्य आणि स्वर्गाचे राज्य असे दोन पर्याय ठेवले जातात आणि तो दुसरा स्वीकारतो. जखमींना पाणी पाजणारी कोसोव्होची कन्या, फितूर ठरवलेला वूक ब्रांकोविच ही पात्रे याच काव्यांतली. ब्रांकोविचच्या फितुरीला समकालीन पुरावा मिळत नाही, हे इतिहासकारांनी दाखवून दिले आहे, तरीही त्याच्या कपाळीचा शिक्का पुसला गेलेला नाही. २८ जून हा ‘विदोवदान’ म्हणून पाळला जातो. पराभवाच्या दिवसाला राष्ट्रीय स्मरणाचा मान देणे ही सर्बांची मोठी शक्ती ठरली. त्याच स्मृतीचा वापर करून लोकांना शेजाऱ्यांविरुद्ध उभे करता येते, हे विसाव्या शतकात दिसले.

ऑटोमन सत्तेखाली नेमके काय घडले?

चार शतकांच्या या काळाला केवळ अंधारयुग म्हणणे अपुरे आहे. १५५७ मध्ये पेच येथील धर्मपीठ पुन्हा सुरू झाले आणि राज्य नसलेल्या लोकांना त्याने एकत्र धरून ठेवले. मात्र करांचा बोजा, मुलांची सक्तीची लष्करी भरती आणि बंडानंतरचे सूड हेही तितकेच खरे आहेत. ऑस्ट्रियाशी झालेल्या युद्धात ऑटोमनांविरुद्ध उभे राहिलेल्या सर्बांनी १६९० मध्ये धर्मगुरू आर्सेनिये तिसरे यांच्या नेतृत्वाखाली कोसोव्हो आणि परिसर सोडून डॅन्यूबच्या उत्तरेस स्थलांतर केले. वोयवोदिनातील सर्ब वस्ती त्यामुळे वाढली आणि कोसोव्होतील लोकसंख्येचे चित्र हळूहळू बदलत गेले.

१८०४ मध्ये गुरांचा व्यापारी असलेल्या काराजोर्जे याच्या नेतृत्वाखाली पहिला उठाव झाला. निश शहरातील ‘चेले कुला’ अर्थात कवट्यांचा मनोरा त्याच काळाची साक्ष देतो. १८०९ मध्ये चेगारच्या टेकडीवर स्टेव्हान सिंजेलिच याने वेढा पडल्यावर स्वतःच्या दारूगोळ्यात गोळी झाडून स्वतःसह शत्रूलाही उडवले. ऑटोमन सेनापतीने मेलेल्या बंडखोरांच्या ९५२ कवट्या मनोऱ्यात चिणून घेतल्या. आज त्यांपैकी ५८ उरल्या आहेत, कारण आप्तांनी रात्री-अपरात्री येऊन आपल्या माणसाच्या समजलेल्या कवट्या काढून नेल्या आणि पुरल्या. मनोऱ्याभोवती आता चॅपल बांधलेले आहे. आत शिरल्यावर भिंतीतील रिकाम्या खोबणी उरलेल्या कवट्यांपेक्षा अधिक वेळ लक्ष वेधून घेतात.

पहिला उठाव १८१३ मध्ये चिरडला गेला. १८१५ मध्ये मिलोश ओब्रेनोविच याने दुसरा उठाव केला आणि तलवारीइतक्याच वाटाघाटींच्या बळावर १८३० मध्ये स्वायत्तता पदरात पाडून घेतली. १८७८ च्या बर्लिन परिषदेत सर्बियाला पूर्ण स्वातंत्र्य मिळाले.

पहिले महायुद्ध सर्बियामुळे सुरू झाले, हे म्हणणे कितपत बरोबर आहे?

ऑस्ट्रियाच्या युवराजाची २८ जून १९१४ रोजी सारायेव्होत हत्या करणारा गाव्रिलो प्रिन्सिप हा बोस्नियन सर्ब तरुण होता आणि त्याला शस्त्रे पुरवणाऱ्यांत सर्बियन लष्करातील गुप्त संघटनेचे लोक होते. परंतु त्या हत्येचे जागतिक युद्धात रूपांतर झाले ते महासत्तांच्या आपसांतील करारांमुळे आणि व्हिएन्ना-बर्लिनच्या निर्णयांमुळे. सगळा भार सर्बियावर टाकणे इतिहासाला धरून नाही.

या युद्धाची किंमत मात्र सर्बियाने इतर बहुतेक देशांपेक्षा अधिक मोजली. ऑगस्ट १९१४ मध्ये त्सेर पर्वतावर सर्बियन सैन्याने दोस्तराष्ट्रांना पहिला विजय मिळवून दिला. १९१५ मध्ये प्रलयकाल आला : आधी टायफसची साथ, जिच्यात परिचारिका म्हणून काम करताना चित्रकार नादेज्दा पेत्रोविच यांचा मृत्यू झाला, आणि शरद ऋतूत जर्मनी, ऑस्ट्रिया-हंगेरी व बल्गेरिया यांचे एकत्रित आक्रमण. शरण जाण्याऐवजी राजा, सरकार, सैन्य आणि असंख्य नागरिक भर थंडीत अल्बानियाचे बर्फाच्छादित डोंगर ओलांडून समुद्राकडे निघाले. ग्रीसच्या कोर्फू बेटावर पोहोचलेल्यांपैकी हजारो जण भूक आणि आजार यांनी दगावले. पुरायला जागा अपुरी पडल्याने अनेकांचे देह समुद्रात सोडण्यात आले. वाचलेले सैन्य १९१८ मध्ये ग्रीसमधील सालोनिका आघाडी फोडून मायदेशी परतले. अनेक सन्मान मिळवणारी मिलुन्का साविच ही शेतकऱ्याची मुलगी याच सैन्यात होती.

युगोस्लाव्हिया म्हणजे मोठा सर्बियाच होता का?

सर्ब, क्रोएट आणि स्लोव्हेन यांचे १ डिसेंबर १९१८ रोजी स्थापन झालेले राज्य सर्ब राजघराण्याकडे होते आणि इतर लोकांना ते सर्बप्रधान वाटत असे, या तक्रारीत तथ्य होते. एप्रिल १९४१ मध्ये जर्मनीने राजधानी बेलग्रेडवर बॉम्बफेक केली तेव्हा राष्ट्रीय ग्रंथालय मध्ययुगीन हस्तलिखितांसह जळून गेले. नाझींच्या आश्रयाने उभ्या राहिलेल्या क्रोएशियातील उस्ताशा राजवटीने सर्ब, ज्यू आणि रोमा यांचा संहार मांडला. यासेनोवाच छळछावणीतील ८३ हजारांहून अधिक बळींची नावे आतापर्यंत नोंदवली गेली असून त्यांत निम्म्याहून अधिक सर्ब आहेत. क्रागुयेवाच शहरात ऑक्टोबर १९४१ मध्ये जर्मन सैन्याने सूड म्हणून अडीच हजारांहून अधिक लोकांना गोळ्या घातल्या, आणि त्यांत वर्गांतून उठवून नेलेले विद्यार्थीही होते.

१९४५ नंतर टिटो यांच्या नेतृत्वाखाली सहा प्रजासत्ताकांचे समाजवादी संघराज्य उभे राहिले. १९४८ मध्ये त्याने स्टालिनशी फारकत घेतली. भारताशी खरा संबंध इथे जुळतो : टिटो १९५४ च्या अखेरीस भारतात आले, १९५६ मध्ये ब्रियुनी बेटावर नेहरू, इजिप्तचे नासर आणि टिटो भेटले आणि सप्टेंबर १९६१ मध्ये अलिप्त राष्ट्रांची पहिली शिखर परिषद बेलग्रेडमध्येच भरली. त्या वेळी आलेल्या नेत्यांनी झाडे लावलेले ‘मैत्री उद्यान’ नव्या बेलग्रेडमध्ये आजही आहे.

१९९० च्या दशकातील युद्धांना सर्ब जबाबदार होते का?

या प्रश्नाचे उत्तर टाळून सर्बांविषयी प्रामाणिकपणे लिहिता येणार नाही. टिटो १९८० मध्ये वारल्यानंतर कर्जबाजारी झालेल्या संघराज्यात प्रत्येक प्रजासत्ताकातील नेत्यांनी राष्ट्रवादाचा आधार घेतला. सर्बियात स्लोबोदान मिलोशेविच यांनी तो सर्वाधिक विध्वंसक रीतीने वापरला. कोसोव्होच्या लढाईच्या ६०० व्या स्मृतिदिनी त्याच रणभूमीवरील त्यांच्या सभेला लाखोंचा समुदाय होता. बोस्नियातील युद्धात (१९९२–९५) बोस्नियन सर्ब फौजांनी सारायेव्होला जवळपास चार वर्षे वेढा घातला आणि जुलै १९९५ मध्ये स्रेब्रेनित्सा येथे आठ हजारांहून अधिक बोस्नियाक पुरुष आणि मुले ठार केली. आंतरराष्ट्रीय न्यायालयांनी हा वंशसंहार ठरवला. बोस्नियन सर्बांचे राजकीय नेते रादोवान काराजिच आणि सेनापती रात्को म्लादिच यांना जन्मठेप झाली. आंतरराष्ट्रीय न्यायालयाने २००७ मध्ये सर्बिया या राज्याला संहार करण्याबद्दल दोषी धरले नाही, परंतु तो रोखण्याचे कर्तव्य त्याने पाळले नाही, असा निर्णय दिला. सर्बियातील अनेक राजकारणी आजही ‘वंशसंहार’ हा निष्कर्ष नाकारतात. पुराव्यांचा डोंगर पाहता हा नकार समर्थनीय नाही.

ऑगस्ट १९९५ मध्ये क्रोएशियन सैन्याच्या ‘वादळ’ मोहिमेनंतर सुमारे दोन लाख सर्ब पिढ्यान्‌पिढ्यांची घरे सोडून ट्रॅक्टरांच्या रांगांनी सर्बियाकडे निघाले, हेही इतिहासाचेच पान आहे. खुद्द सर्बियात सामान्य माणसाचे जगणे मोडून पडले होते. १९९३ मध्ये ५०० अब्ज दिनारांची नोट निघाली. तिच्यावर मुलांचे लाडके कवी आणि व्यवसायाने डॉक्टर असलेल्या योवान योवानोविच झ्माय यांचे चित्र होते, आणि पगार हातात पडल्यापासून दुकानापर्यंत पोहोचेस्तोवर त्याची किंमत उतरत असे. बेलग्रेडच्या रस्त्यांवर त्याच काळात युद्धाविरुद्ध मोर्चे निघत होते आणि सैन्यभरती टाळण्यासाठी हजारो तरुण देश सोडत होते. ५ ऑक्टोबर २००० रोजी लोकांनीच मिलोशेविच यांची सत्ता उलथवली.

कोसोव्होचा वाद आज कुठे आहे?

कोसोव्हो सर्बियाचा प्रांत असताना, १९९८–९९ च्या संघर्षात सर्बियन फौजांनी तेथील अल्बानियन नागरिकांवर अत्याचार केले आणि आठ लाखांच्या आसपास लोक देशोधडीला लागले. २४ मार्च ते १० जून १९९९ असे ७८ दिवस नाटोने संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेची मंजुरी न घेता बॉम्बफेक केली. बेलग्रेडच्या दूरचित्रवाणी केंद्रावरील हल्ल्यात १६ कर्मचारी मरण पावले. त्यानंतर मोठ्या संख्येने सर्ब आणि रोमा लोकांनी कोसोव्हो सोडले. २००८ मध्ये कोसोव्होने स्वातंत्र्य जाहीर केले. अमेरिका आणि बहुतेक युरोपीय देशांनी त्याला मान्यता दिली. भारत, स्पेन, रशिया आणि चीन यांनी दिलेली नाही.

तेथील लोकसंख्येत अल्बानियन लोकांचे प्रमाण ९० टक्क्यांहून अधिक आहे आणि सर्बांचे सर्वांत पवित्र मठ, पेच, देचानी, ग्राचानित्सा, याच भूमीत आहेत. देचानी मठाच्या रक्षणासाठी आजही आंतरराष्ट्रीय सैनिक तैनात आहेत. या दोन्ही बाबी एकाच वेळी खऱ्या असल्यामुळेच हा वाद इतका चिवट ठरला आहे.

‘स्लावा’ म्हणजे काय?

सर्ब घरात शिरून पाहायचे असेल तर स्लावाच्या दिवशी पाहावे. प्रत्येक कुटुंबाचा एक रक्षक संत असतो, तो वडिलांकडून मुलाकडे येतो आणि त्याच्या दिवशी घरोघरी हा सोहळा होतो. मराठी वाचकाला आपल्या कुळाचाराची आठवण यावी असेच हे नाते आहे, फक्त इथे कुटुंब दैवताच्या गावी जात नाही, त्याचा दिवस घरीच साजरा होतो.

टेबलावर उंच मेणबत्ती, लाल वाइन, कणकेच्याच नक्षीने सजवलेला गोल पाव आणि ‘झितो’ असते. झितो म्हणजे शिजवून वाटलेल्या गव्हात अक्रोड व साखर मिसळून केलेला, दिवंगतांच्या स्मरणाचा पदार्थ. धर्मगुरू आणि घरधनी पाव हातांत धरून फिरवतात, त्याच्या खालच्या बाजूला क्रूसाच्या आकारात छेद देऊन त्यावर वाइन ओततात आणि मग तो मोडतात. येणारा पाहुणा बसण्याआधी चमचाभर झितो खातो. स्लावाला आमंत्रण देण्याची रीत जुन्या घरांत नाही. ज्यांचे येणे-जाणे आहे त्यांना दिवस ठाऊक असतो. सर्वाधिक घरे संत निकोलसची आहेत आणि त्याचा दिवस, १९ डिसेंबर, नाताळाआधीच्या उपवासात येत असल्याने त्या टेबलावर मांस आणि दुग्धजन्य पदार्थ वर्ज्य असतात, मासे मात्र चालतात. त्या आठवड्यात मासळीबाजारात पाय ठेवायला जागा नसते. सर्बियन ऑर्थोडॉक्स चर्च जुनी ज्युलियन दिनदर्शिका पाळत असल्याने सर्बांचा नाताळ ७ जानेवारीला येतो. साम्यवादी राजवटीतही अनेक कुटुंबांनी दारे लावून स्लावा चालू ठेवला, हे विशेष लक्षात घ्यावे. २०१४ मध्ये युनेस्कोने त्याला अमूर्त वारशाच्या यादीत स्थान दिले.

रोजच्या जेवणात काय असते?

भाजलेल्या लाल ढोबळ्या मिरचीचा ‘आयवार’ शरद ऋतूत वर्षभरासाठी घरी केला जातो. याशिवाय सायीपासूनचे कायमाक, कोबीच्या पानांत खिमा गुंडाळून शिजवलेली सार्मा, निखाऱ्यावरचे चेवापी आणि प्लमपासून गाळलेली राकिया. तुर्की, हंगेरियन आणि ऑस्ट्रियन चवी इथे एकाच ताटात येतात. रास्पबेरीच्या निर्यातीत सर्बिया जगातील आघाडीच्या देशांपैकी आहे.

टेस्ला सर्ब होते की क्रोएशियन?

निकोला टेस्ला १८५६ मध्ये आजच्या क्रोएशियातील स्मिल्यान गावी, सर्ब ऑर्थोडॉक्स धर्मगुरूच्या घरी जन्मले. त्यामुळे वंशाने सर्ब आणि जन्मभूमीने आजच्या क्रोएशियाचे, हे दोन्ही खरे. त्यांची कागदपत्रे आणि अस्थी बेलग्रेडच्या संग्रहालयात आहेत. हिमयुगांचा संबंध पृथ्वीच्या कक्षेतील बदलांशी जोडणारे मिलुतिन मिलान्कोविच हेही सर्ब. त्यांच्याविषयी आपल्याकडे फारच कमी लिहिले गेले आहे. खेळांत नोव्हाक जोकोविच यांची २४ ग्रँड स्लॅम विजेतेपदे सर्वांना माहीत आहेत. सोंबोरचे निकोला योकिच अमेरिकी बास्केटबॉलचे सर्वोत्तम खेळाडू तीनदा ठरले, आणि वॉटर पोलोच्या पुरुष संघाने २०१६ पासून सलग तीन ऑलिंपिक सुवर्णपदके जिंकली.

आजच्या तरुण सर्बांना कोणते प्रश्न भेडसावतात?

पहिला प्रश्न माणसे कमी होत जाण्याचा आहे. २०११ ते २०२२ या काळात सर्बियाची लोकसंख्या पाच लाखांहून अधिक घटली. जन्म कमी आणि शिकलेल्या मुलांचे जर्मनी-ऑस्ट्रियाकडे जाणे अधिक. देश २०१२ पासून युरोपीय संघाचा उमेदवार असला तरी प्रवेशाची प्रक्रिया रेंगाळली आहे, आणि रशियाशी असलेले जुने संबंध सरकारने तोडलेले नाहीत.

दुसरा प्रश्न उत्तरदायित्वाचा आहे. १ नोव्हेंबर २०२४ रोजी नुकतेच नूतनीकरण झालेल्या नोव्ही साद रेल्वे स्थानकाचे काँक्रीटचे छत सकाळी ११ वाजून ५२ मिनिटांनी कोसळले आणि १६ जणांचा जीव गेला. विद्यार्थ्यांनी विद्यापीठे बंद पाडली आणि बांधकामाची सर्व कागदपत्रे उघड करण्याची मागणी केली. रोज त्याच वेळी रस्त्यावर उभे राहून प्रत्येक मृतासाठी एक मिनिट याप्रमाणे मौन पाळले जाऊ लागले. जानेवारी २०२५ च्या अखेरीस विद्यार्थी बेलग्रेडहून नोव्ही सादपर्यंत सुमारे ८० किलोमीटर चालत गेले. वाटेतल्या गावकऱ्यांनी त्यांच्यासाठी गरम जेवण मांडले आणि अनेक म्हाताऱ्या माणसांना रडू आवरले नाही. पंतप्रधान मिलोश वुचेविच यांनी त्याच सुमारास राजीनामा जाहीर केला आणि १५ मार्च रोजी बेलग्रेडमध्ये देशाच्या इतिहासातील प्रचंड सभांपैकी एक भरली. सर्बिया समजून घेऊ इच्छिणाऱ्याने या पिढीकडे पाहावे, असे मनापासून वाटते. तिला युद्धे आठवत नाहीत. तिची मागणी कायद्याने चालणाऱ्या साध्या राज्याची आहे.

भारतीयांना सर्बियाला जाण्यासाठी व्हिसा लागतो का?

होय. २०१७ पासून काही वर्षे भारतीय पारपत्रधारकांना ३० दिवसांपर्यंत व्हिसाची गरज नव्हती. ही सवलत १ जानेवारी २०२३ पासून बंद झाली. वैध शेंगेन, ब्रिटिश किंवा अमेरिकी व्हिसा असलेल्यांसाठी नियम सौम्य आहेत. निघण्यापूर्वी नवी दिल्लीतील सर्बियन दूतावासाकडून खात्री करून घ्यावी. कोसोव्होमार्गे सर्बियात शिरण्याचा बेत मात्र करू नये : तेथील विमानतळावर उतरून आलेल्या परदेशी प्रवाशाचा प्रवेश सर्बिया अधिकृत मानत नाही आणि त्याला सीमेवरून परत पाठवले जाऊ शकते.